पागडीवरचे खेळ

2022 सालच्या जून महिन्यात सोनी कंपनीने आपली 'प्लेस्टेशन प्लस' ही वर्गणीची योजना तीन श्रेणींत विभागून भारतात आणली, तेव्हा तिच्या 'एक्स्ट्रा' नामक मधल्या श्रेणीची वर्षाची वर्गणी 4,999 रुपये ठरविण्यात आली होती. आणि योगायोग असा, की त्याच वर्षी फेब्रुवारीत त्याच कंपनीने प्रसिद्ध केलेला 'होरायझन फॉरबिडन वेस्ट' हा एकच खेळ प्लेस्टेशन 5 साठी घ्यावयाचा म्हटल्यास त्याचीही किंमत 4,999 रुपयेच होती. एकाच दुकानात, एकाच पडद्यावर, एकाच रकमेला एकीकडे एक खेळ आणि दुसरीकडे चारशेच्या घरातील खेळांचे भांडार वर्षभर खुले, हा देखावा पाहून कोणाही व्यवहारी गृहस्थाच्या मनात पहिला प्रश्न येणार तो हा, की मग एकटा खेळ विकत घेणाऱ्यास शहाणा म्हणावे कसे? त्याच्या पाठोपाठ दुसरा आणि अधिक टोचणारा प्रश्न असा, की कंपनी तरी एवढी उदार का झाली?

या कोड्याला पुढे आणखी एक पीळ पडला. फेब्रुवारी 2023 मध्ये, म्हणजे प्रसिद्धीनंतर एका वर्षाने, तोच खेळ त्या वर्गणीच्या भांडारात दाखल झाला. ज्यांनी पूर्ण दाम मोजले होते ते हळहळले, आणि ज्यांनी वाट पाहिली होती ते हसले. माझ्या मते हळहळणारे आणि हसणारे या दोघांचाही एकच समज चुकीचा होता: पहिल्यांना वाटत होते की आपण मालक झालो, दुसऱ्यांना वाटत होते की आपल्याला तीच वस्तू स्वस्तात मिळाली. वस्तुतः वस्तू कोणालाच मिळालेली नव्हती. दोघांच्याही पदरी पडला होता तो केवळ परवाना. फरक होता तो त्याच्या मुदतीत आणि शर्तींत. हा परवाना म्हणजे काय, तो यंत्रात कसा चालतो आणि त्याच्या दोन जातींचे दर असे विचित्र का असतात, याचा खुलासा झाला की वरील कोडे बहुतांशी आपोआप सुटते.

तबकडीच्या काळचा कायदा

खेळ तबकडीवर, म्हणजे मुले जिला डिस्क म्हणतात तिच्यावर मिळत असत, त्या काळी हा प्रश्नच उद्भवत नव्हता. तबकडी आपल्या हाती आली की ती आपली. खेळून झाल्यावर मित्राला द्या, दुकानदाराला निम्म्या भावात विका, अथवा कपाटात ठेवून द्या, कंपनीला त्यात बोलण्याचा अधिकार उरत नसे. या साध्या वाटणाऱ्या स्वातंत्र्यामागे एक जुना निवाडा उभा आहे. अमेरिकेतील एका प्रकाशनसंस्थेने 'द कास्टअवे' नावाच्या कादंबरीच्या प्रतींत अशी सूचना छापली होती, की हे पुस्तक एक डॉलरपेक्षा कमी किमतीस विकल्यास स्वामित्वहक्काचा भंग समजला जाईल. न्यूयॉर्कच्या मेसीज या प्रसिद्ध पेढीने ते खुशाल 89 सेंटला विकले, प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले, आणि 1908 साली न्यायालयाने निर्णय दिला, की प्रत एकदा विकली गेली म्हणजे त्या विशिष्ट प्रतीवरील प्रकाशकाचा ताबा संपला. यालाच पुढे 'पहिल्या विक्रीचे तत्त्व' असे नाव पडले. लेखकाचा किंवा निर्मात्याचा हक्क कृतीवर राहतो, नव्या प्रती काढण्याची मनाई कायम राहते. पण कागदाची अथवा प्लॅस्टिकची जी वस्तू गिऱ्हाइकाच्या हाती गेली, ती त्याची झाली.

आता लक्षात घ्यावयाचे ते हे, की हे तत्त्व हस्तांतर होणाऱ्या वस्तूला चिकटलेले आहे. इंटरनेटवरून खेळ उतरवून घेताना कोणतीच वस्तू एका हातातून दुसऱ्या हातात जात नाही. दूरच्या सर्व्हरवर असलेला मजकूर तेथेच राहतो आणि आपल्या कन्सोलमध्ये त्याची नवी प्रत तयार होते. म्हणून तीच फाइल पुढे कोणाला 'विकायची' म्हटले तर पुन्हा आणखी एक नवी प्रत काढावी लागते, आणि प्रत काढण्याचा अधिकार तर आपल्याला कधीच मिळालेला नसतो. रेडिजी नावाच्या एका कंपनीने जुनी संगीतमुद्रणे अशा रीतीने पुनर्विक्रीस काढली असता अमेरिकेतील अपील न्यायालयाने 2018 साली नेमक्या याच कारणासाठी तिच्याविरुद्ध निकाल दिला. युरोपच्या न्यायालयाने त्यापूर्वी, 2012 मध्ये, बिनमुदत परवान्याने विकलेल्या संगणक-आज्ञावलीची पुनर्विक्री करता येते असे म्हटले होते खरे. परंतु कन्सोलच्या खेळांच्या बाजारात त्या निकालाचा उजेड गिऱ्हाइकापर्यंत आलेला दिसत नाही.

कन्सोलच्या पोटातील दोन जिनसा

खेळ उतरवून घेतला, असे आपण म्हणतो तेव्हा यंत्रात प्रत्यक्षात दोन निरनिराळ्या जिनसा येतात. पहिली अवाढव्य असते: चित्रे, आवाज, नकाशे, नियम असा सारा ऐवज, जो आजकालच्या मोठ्या खेळात 100 गिगाबाइटपर्यंत सहज पोहोचतो. हा ऐवज सांकेतिक लिपीत कुलूपबंद करून पाठवलेला असतो, आणि पूर्ण किंमत मोजणारा काय व वर्गणीदार काय, दोघांनाही तो अक्षरशः एकसारखा मिळतो. दुसरी जिन्नस अगदी चिमुकली असते. तीत एवढेच नमूद असते, की अमुक खात्याच्या नावे, अमुक यंत्रावर, अमुक खेळ उघडण्यास मुभा आहे. हाच परवाना. कुलूप उघडते ते याच्यामुळे.

खेळाच्या चित्रावर बोट दाबले की कन्सोल आधी हा परवाना तपासतो. ज्या यंत्राला आपण आपले 'घरचे' किंवा मुख्य यंत्र म्हणून नोंदविलेले असते, त्यावर विकत घेतलेला खेळ इंटरनेटशिवायही चालतो, आणि त्या घरातील इतर मंडळींच्या खात्यांवरूनही चालतो. म्हणूनच धाकट्या भावाला थोरल्याचा खेळ खेळता येतो. तेच खाते घेऊन आपण मावसभावाच्या यंत्रावर गेलो, तर मात्र तेथे इंटरनेटची जोडणी लागते, कारण परवाना जागेवर नसून खात्यावरून विचारून घ्यावा लागतो. वर्गणीच्या परवान्यावर याखेरीज समाप्तीची तारीख लिहिलेली असते. वर्गणी चालू आहे की नाही, याची खातरजमा करण्यासाठी यंत्राला ठरावीक मुदतीने कंपनीच्या सर्व्हरशी संपर्क साधणे भाग असते. तो साधला नाही किंवा वर्गणी थकली, तर 100 गिगाबाइटचा ऐवज आपल्याच यंत्रावर असूनही दार उघडत नाही. उलट, वर्गणीत असताना आवडलेला खेळ पुढे विकत घेतला, तर पुन्हा काही उतरवून घ्यावे लागत नाही: चिमुकला कागद तेवढा बदलतो, आणि जेथे खेळ थांबविला होता तेथून तो पुढे सुरू होतो.

या तपासणीत घड्याळाचे महत्त्व किती, याचे एक चमत्कारिक उदाहरण 2021 मध्ये पुढे आले. मुदतीचा हिशेब ठेवायचा तर यंत्राला काळ कळला पाहिजे, आणि खेळणाऱ्याने मनास येईल तशी तारीख फिरवू नये म्हणून यंत्राच्या आत स्वतंत्र घड्याळ असते, ज्याला एक छोटी गोल बॅटरी जिवंत ठेवते. प्लेस्टेशन 4 मधील ही बॅटरी संपली आणि त्याच वेळी सोनीच्या सर्व्हरशी संपर्क नसला, तर विकत घेतलेले खेळसुद्धा चालत नाहीत, असे जिज्ञासू लोकांनी प्रयोग करून दाखविले. सोनीने सप्टेंबर 2021 च्या सुधारणेत हा दोष काढला. पण त्या निमित्ताने अनेकांना प्रथमच उमगले, की आपल्या कपाटातील यंत्र आपल्या खेळासाठी कोणाची तरी अनुज्ञा मागत असते.

पागडीचा न्याय

मुंबईकर वाचकाला हा सारा व्यवहार परका वाटू नये. गिरगाव, लालबाग, दादर या भागांतील जुन्या चाळींत पागडीची जी पद्धत चालत आली, तीत भाडेकरू घरमालकाला प्रारंभी एक मोठी रक्कम देतो, नंतर नाममात्र भाडे भरीत राहतो आणि पिढ्यान् पिढ्या त्या खोलीत नांदतो. शेजारीपाजारी ती खोली त्याचीच समजतात, पण जमीन आणि इमारत मालकाच्या नावावर असते. 1947 च्या भाडेनियंत्रण कायद्याने अशी रक्कम घेण्यास मनाई केली होती, तरी व्यवहार चालूच राहिला, आणि अखेर 1999 च्या महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायद्याने त्यास मान्यता दिली. या चौकटीत पाहिले असता तबकडी म्हणजे मालकीचे घर, वर्गणी म्हणजे दरमहा भाड्याची खोली, आणि पडद्यावर 'विकत घ्या' असे बटण दाबून मिळवलेला खेळ म्हणजे पागडीची खोली होय. एकरकमी दाम मोजले, राहण्याला मुदत नाही, पण सातबारा दुसऱ्याच्या नावे.

तरीही खेळाच्या पागडीत एक गोष्ट उणी आहे, आणि ती लहान नाही. चाळीतील पागडीवाला मालकाला त्याचा वाटा देऊन आपला हक्क दुसऱ्याला देऊ शकतो. कन्सोलवरील खेळाला ही सोय नाही: खाते अहस्तांतरणीय, परवाना अहस्तांतरणीय, आणि 4,999 रुपयांचा खेळ दोन आठवड्यांत संपवला तरी त्यातील एक पैसाही परत येत नाही. तबकडी घेणारा ती संपवून निम्म्या किमतीस विकतो, तेव्हा त्याचा खरा खर्च निम्माच होतो. हा हिशेब वर्गणी-विरुद्ध-खरेदीच्या चर्चेत बहुधा कोणी मांडत नाही. मे 2013 मध्ये मायक्रोसॉफ्टने 'एक्सबॉक्स वन' जाहीर केला आणि त्यानंतर तबकड्यांच्या पुनर्विक्रीवर निर्बंध व दर 24 तासांनी इंटरनेटवरून तपासणी अशी योजना मांडली, तेव्हा उसळलेल्या क्षोभापुढे कंपनीला 19 जून रोजी ती मागे घ्यावी लागली. सोनीने त्याच सुमारास एक मिस्कील चित्रफीत काढली होती: खेळ दुसऱ्याला कसा द्यावा, तर तबकडी उचलून त्याच्या हातात ठेवावी. त्यानंतरच्या काळात लोकांनी मात्र सोय पाहून स्वेच्छेने तबकडी सोडली, आणि आज एक्सबॉक्स सिरीज एस किंवा प्लेस्टेशन 5 प्रो यांत तबकडीचा कप्पा मुळातच नसतो. जे हुकमाने साधले नाही ते सवलतीने साधले.

वर्गणीचा जमाखर्च

वर्गणीची कल्पना आजची नव्हे. डिसेंबर 1994 मध्ये अमेरिकेत सेगा कंपनीने केबल टीव्हीच्या तारेवरून 'सेगा चॅनल' सुरू केले होते; दरमहा पंधरा डॉलरच्या आसपास वर्गणी भरणाऱ्याला महिन्याकाठी पन्नासएक खेळ खेळता येत, आणि निवडलेला खेळ तारेतून उतरून जोडयंत्राच्या तात्पुरत्या स्मृतीत बसत असे. यंत्र बंद केले की तो पुसला जाई. वर्गणीतील खेळ आपला नसतो, हे इतक्या प्रामाणिकपणे त्यानंतर कोणत्याही यंत्राने सांगितलेले नाही. ती सेवा 1998 मध्ये बंद पडली. पुढे 2014 मध्ये इलेक्ट्रॉनिक आर्ट्सने आपल्याच खेळांपुरती वर्गणी काढली आणि 1 जून 2017 रोजी मायक्रोसॉफ्टने दरमहा 9.99 डॉलरची 'एक्सबॉक्स गेम पास' योजना सुरू केली, तेव्हापासून हा बाजार खऱ्या अर्थाने भरला. जानेवारी 2018 मध्ये मायक्रोसॉफ्टने आणखी पुढचे पाऊल टाकले: आपले स्वतःचे नवे खेळ प्रसिद्धीच्या पहिल्याच दिवशी वर्गणीदारांना मिळतील, असे जाहीर केले, आणि मार्चमध्ये 'सी ऑफ थीव्ज' तसा दिलाही.

आता प्रारंभीच्या प्रश्नाकडे वळू: हे परवडते कसे? पहिले कारण असे, की खेळ तयार करण्यास कोट्यवधी डॉलर लागतात, पण तयार झाल्यावर आणखी एकाला तो देण्यास जवळजवळ काहीच लागत नाही. दुसरे कारण अधिक महत्त्वाचे आहे, आणि ते म्हणजे खेळाचे मोल काळाबरोबर झपाट्याने उतरते. पहिल्या आठवड्यात ज्याला धीर धरवत नाही तो पूर्ण दाम देतो; सहा महिन्यांनी सवलतीच्या विक्रीत दुसरा येतो; वर्षानंतर जो उरतो, तो सुटी खरेदी बहुधा करणारच नसतो, त्याच्याकडून वर्गणीच्या रूपाने जे मिळेल ते वरकड. म्हणून होरायझनचा पूर्ण दाम मोजणाऱ्याने खेळाबरोबर एका वर्षाची घाईही विकत घेतली होती, असे म्हणावे लागते. तिसरे कारण माणसाच्या स्वभावात आहे. वर्गणी दरमहा खात्यातून मुकाट कापली जाते, परीक्षेचा महिना येतो, लग्नसराई येते, कन्सोलवर धूळ बसते आणि कापणे चालूच राहते. जो खेळत नाही त्याच्या पैशावर जो रात्रंदिवस खेळतो त्याची चैन चालते.

निर्मात्यांना यातून काय मिळते, हे करारागणिक वेगळे असते. कधी ठरावीक मुदतीसाठी एकरकमी मक्ता दिला जातो, कधी किती लोकांनी किती खेळले यावर मोबदला ठरतो, तर कधी छोट्या संस्थेचा संपूर्ण निर्मितिखर्चच वर्गणीवाली कंपनी उचलते. या रकमा एरवी गुलदस्त्यात असतात. पण सप्टेंबर 2023 मध्ये अमेरिकेतील एका खटल्याच्या निमित्ताने मायक्रोसॉफ्टचे काही अंतर्गत कागद बाहेर पडले, आणि त्यांत 'ग्रँड थेफ्ट ऑटो 5' एक महिना वर्गणीत ठेवायचा तर 1.2 ते 1.5 कोटी डॉलर मोजावे लागतील, असा अंदाज केलेला आढळला. एवढे मोल मोजून आणलेला खेळ कायमचा ठेवता येत नाही, हे उघड आहे. मक्ता संपतो आणि खेळ भांडारातून निघून जातो. मात्र परक्याचाच खेळ जातो असे समजू नये. सोनीने स्वतःचा 'होरायझन झिरो डॉन' हा गाजलेला खेळ मे 2024 मध्ये आपल्याच वर्गणीतून काढून घेतला.

आणि सुट्या विक्रीचे काय होते? मायक्रोसॉफ्टने ब्रिटनच्या स्पर्धा-नियामकापुढे स्वतःच कबूल केले होते, की खेळ गेम पासमध्ये घातल्यावर पुढील 12 महिन्यांत त्याची सुटी विक्री घटते. सोनीच्या प्लेस्टेशन विभागाचे तत्कालीन प्रमुख जिम रायन यांनी 2022 मध्ये याच भीतीने पहिल्या दिवशी वर्गणीत खेळ देण्यास नकार दिला होता. तसे केल्यास मोठ्या खेळांवर हवा तेवढा खर्च करता येणार नाही, हा त्यांचा युक्तिवाद. ऑक्टोबर 2023 मध्ये मायक्रोसॉफ्टने 'कॉल ऑफ ड्यूटी'ची मालक असलेली ॲक्टिव्हिजन ब्लिझर्ड कंपनी विकत घेतली, पुढच्या वर्षी त्या मालिकेचा नवा खेळ पहिल्याच दिवशी वर्गणीत दिला, आणि दर मात्र वाढत गेले.

त्या दरवाढीचा अर्थ साध्या भागाकाराने लावता येतो. 2018 मध्ये गेम पासची वर्षाची वर्गणी सुमारे 120 डॉलर होई, आणि नवा खेळ 60 डॉलरला मिळे: म्हणजे वर्षात दोन नवे खेळ खेळणाऱ्याचा खर्च निघून येई. ऑक्टोबर 2025 मध्ये 'अल्टिमेट' श्रेणीची वर्गणी दरमहा 29.99 डॉलर झाली. वर्षाचे 360 डॉलर, आणि नवा मोठा खेळ 70 डॉलरचा. त्या दराने पाच खेळ केले तर जवळजवळ बरोबरी होते. या श्रेणीत इतरांशी ऑनलाइन खेळण्याची मुभा, संगणकावरील खेळ अशा अधिक गोष्टी येतात हे मान्य केले, तरी दोनाचे पाच झाले ही वस्तुस्थिती राहतेच. भाड्याच्या खोलीचे भाडे मालक वाढवू शकतो. एकदा दिलेली पागडी पुन्हा मागता येत नाही. सोनीनेही सप्टेंबर 2023 मध्ये वार्षिक वर्गणीचे दर जगभर वाढविले, त्यामुळे लेखारंभीचे ते सुबक समीकरण आज जुळत नाही.

*चौकट: हातात नेमके काय येते?*
*तबकडी:* वस्तूची मालकी. विकता येते, उसनी देता येते. यंत्रात कप्पा हवा, आणि खेळातील सुधारणा तरीही इंटरनेटवरूनच घ्याव्या लागतात.
*पडद्यावरची 'खरेदी':* बिनमुदत परवाना, खात्याशी बांधलेला. विकता येत नाही. घरच्या यंत्रावर इंटरनेटशिवायही चालतो.
*वर्गणी:* मुदतीचा परवाना. वर्गणी थांबली किंवा खेळ भांडारातून गेला की दार बंद. खेळातील प्रगतीची नोंद मात्र यंत्रावर राहते आणि पुढे खेळ विकत घेतल्यास उपयोगी पडते.

इमारतच पाडली तर

परवाना बिनमुदत आहे म्हणजे तो चिरंतन आहे, असे नव्हे. येथे दोन आपत्तींत भेद करावयास हवा, कारण बोलण्याच्या ओघात त्यांची नेहमी गल्लत होते. पहिली आपत्ती सौम्य: खेळ विक्रीतून काढला जातो, पण ज्यांनी घेतला त्यांना तो पुन्हा उतरवून घेता येतो. 'फोर्झा होरायझन 4' या मोटारशर्यतींच्या खेळात खऱ्या कंपन्यांच्या मोटारी होत्या. त्यांच्या नावांचे व रूपांचे परवाने संपले म्हणून 15 डिसेंबर 2024 रोजी तो विक्रीतून आणि वर्गणीतूनही गेला. खरेदीदारांचे काही बिघडले नाही. वर्गणीदारांपैकी ज्यांनी त्या खेळासाठी नव्या मोटारी व नकाशे वेगळे पैसे देऊन घेतले होते, त्यांची अवस्था भाड्याच्या खोलीत स्वखर्चाने फरशी बसवणाऱ्यासारखी झाली असती. मायक्रोसॉफ्टने अशांना मूळ खेळ देऊन ती वेळ टाळली, हे नोंदविले पाहिजे. दुकानेच्या दुकाने बंद होतात तेव्हाही बहुधा असेच घडते: निन्टेंडोने 3डीएस आणि वी यू यांची दुकाने 27 मार्च 2023 रोजी बंद केली, मायक्रोसॉफ्टने एक्सबॉक्स 360 चे दुकान 29 जुलै 2024 रोजी बंद केले, पण घेतलेले खेळ पुन्हा उतरवून घेण्याची सोय तूर्त ठेवली.

दुसरी आपत्ती खरोखर भयंकर. 'द क्रू' हा युबीसॉफ्टचा 2014 चा खेळ एकट्याने खेळतानाही कंपनीच्या सर्व्हरवर अवलंबून होता. डिसेंबर 2023 मध्ये तो विक्रीतून गेला, 31 मार्च 2024 रोजी सर्व्हर बंद झाले आणि त्यानंतर लोकांच्या खात्यांतून त्याचे परवानेही काढून घेण्यात आले. येथे तबकडीवाल्याचाही निभाव लागला नाही, कारण तबकडी चालू करून पोहोचायचे कोठे, तर जे आता अस्तित्वात नाही अशा सर्व्हरवर. या प्रकरणातून रॉस स्कॉट या अमेरिकन चित्रफीतकाराने 'स्टॉप किलिंग गेम्स' ही चळवळ उभी केली आणि विकलेला खेळ कंपनीने निकामी करू नये अशा मागणीच्या युरोपीय नागरिक-अर्जावर 2025 च्या जुलैपर्यंत दहा लाखांहून अधिक सह्या झाल्या. कॅलिफोर्निया राज्याने तत्पूर्वीच वेगळी वाट धरली: 1 जानेवारी 2025 पासून अमलात आलेल्या तेथील कायद्यानुसार, आपण केवळ परवाना देत आहोत हे ठळकपणे सांगितल्यावाचून दुकानदाराला 'विकत घ्या' असे बटण दाखविता येत नाही. कायदा माफक आहे. त्याने हक्क एकही वाढविला नाही, फक्त कबुलायत स्पष्ट करून घेतली. परंतु कित्येक वर्षांच्या गुळमुळीत भाषेनंतर तेवढेही स्वागतार्ह वाटते.

कोणी काय घ्यावे

ज्याला वर्षात एकदोनच खेळ आवडतात आणि तेच तो महिनोन् महिने खेळतो, त्याने वर्गणीच्या फंदात पडू नये; क्रिकेट किंवा फुटबॉल यांवरील एकच खेळ वर्षभर पुरणारी मुले आपल्याकडे घरोघरी आहेत, आणि चारशे खेळांचे भांडार त्यांना शोभेपुरते. याउलट ज्याला चाखून पाहण्याची हौस आहे, दहा खेळ सुरू करून दोन संपवणे हाच ज्याचा आनंद आहे, त्याला वर्गणीसारखे दुसरे काही नाही. पाच हजारांचा खेळ तासाभरात कंटाळवाणा ठरला, ही चुटपुट त्याच्या वाट्याला येत नाही. लहान मुलांच्या घरीही मी वर्गणीच सुचवीन, कारण त्यांची आवड दर महिन्याला पालटते. मधल्या लोकांना एक तोड आहे, आणि कंपन्यांना ती फारशी रुचत नसावी: वर्गणी वर्षभर चालू न ठेवता, हवे ते पाचसात खेळ साचू द्यावेत, दोन महिन्यांची रजा मिळाली की वर्गणी भरावी, खेळावे आणि आपोआप नूतनीकरण बंद करून मोकळे व्हावे. शंभर तासांची दीर्घकथा सुरू करण्यापूर्वी मात्र 'लवकरच जाणार' ही यादी पाहून घ्यावी. अर्ध्या कथेवर दार बंद होण्यासारखा वैताग दुसरा नाही.

तबकडीचा पर्याय ज्यांच्या यंत्रात शिल्लक आहे त्यांनी, विशेषतः एकदा संपले की पुन्हा न खेळण्याच्या खेळांसाठी, तो गंभीरपणे विचारात घ्यावा. मुंबई-पुण्याच्या दुकानांतून जुन्या तबकड्यांची देवघेव अजून चालते. पण तबकडीच्या नावाखाली काय मिळते आहे हेही तपासले पाहिजे. जून 2025 मध्ये आलेल्या निन्टेंडो स्विच 2 साठी अनेक कंपन्यांनी 'गेम-की कार्ड' नावाचा प्रकार स्वीकारला आहे: डबी खरी, तीत कार्डही खरे, पण कार्डात खेळ नाही. ते यंत्रात घातले की खेळ इंटरनेटवरून उतरतो, आणि पुढे प्रत्येक वेळी खेळण्यासाठी कार्ड आत असावेच लागते. हे कार्ड विकता येते, मित्राला देता येते. म्हणजे पागडीवाल्याला नसलेला हस्तांतराचा हक्क येथे परत आला. आणि निन्टेंडोने तो खेळ देणारा सर्व्हर एखाद्या दिवशी बंद केला, तर नव्या यंत्रात ते कार्ड घालणाऱ्याला त्यातून काहीही मिळणार नाही.